राइडिंग मॉवरच्या डेकचा नवा बेल्ट एका हंगामातच का जळला असावा?

प्रश्न

आमच्याकडे ४२ इंची डेक असलेला राइडिंग मॉवर, म्हणजे बसून चालवायचे गवत कापायचे यंत्र, आहे. डेकखाली, म्हणजे पात्यांवरच्या धातूच्या झाकणाखाली, दोन पाती आहेत. पाती फिरवणारा बेल्ट इंजिनच्या खालच्या पुलीवरून निघतो आणि दोन्ही स्पिंडलच्या (ज्या उभ्या आसावर पाते फिरते त्याच्या) पुल्या व बेल्टला ताण आणि वळण देणाऱ्या दोन आयडलर पुल्या यांवरून फिरून परत येतो. पाती सुरू करण्यासाठी विद्युत क्लच नसून हाताने ओढायचा दांडा आहे. मूळ बेल्ट बरीच वर्षे टिकला होता. तो तुटल्यावर नवा बसवला, पण एका हंगामातच त्याचीही अखेर झाली.

काढलेला बेल्ट समोर ठेवून लिहीत आहे. त्याच्या आतल्या, म्हणजे पुलीच्या खाचेत बसणाऱ्या बाजूला एका ठिकाणी साधारण बोटभर लांबीचा भाग जळून काळा, गुळगुळीत आणि बाकीच्या बेल्टपेक्षा स्पष्टपणे पातळ झालेला आहे. शिवाय एका कडेचे कापड जवळजवळ पूर्ण लांबीभर उसवलेले असून आतले दोरे बाहेर आले आहेत. दुसरी कड मात्र चांगली आहे. तुटण्याआधी काही काळ उंच किंवा ओलसर गवतात पाती मंदावत होती, रबर जळल्याचा वास येत होता आणि कापणीनंतर मध्येच गवताच्या रेघा उभ्या राहत होत्या.

नवा बेल्ट आणण्यापूर्वी तीन गोष्टी समजून घ्यायच्या आहेत. बेल्टच्या या अवस्थेवरून मूळ दोष कुठे आहे, याचा काही अंदाज बांधता येतो का? बेल्टवरचा क्रमांक पुसला गेलेला असताना त्याचे योग्य माप कसे ठरवावे? आणि हे काम डेक यंत्राखालून न काढता नीट होऊ शकते, की डेक उतरवणेच योग्य?

प्रतिसाद १

आपण बेल्टचे वर्णन इतके नेमके केले आहे की पहिल्या प्रश्नाचे उत्तर बरेचसे त्यातच आहे. बेल्ट सर्वत्र सारखा झिजला असता, तर वय झाले असे म्हणता आले असते. परंतु एकाच ठिकाणी बोटभर भाग जळतो, तेव्हा बेल्ट जागच्या जागी थांबलेला असतो आणि इंजिनची पुली त्याच्याखाली फिरतच राहिलेली असते. याचा अर्थ बेल्टला पुढे जाऊ न देणारे काहीतरी डेकवर आहे. पात्यात फांदी अडकली असेल, स्पिंडलच्या दांड्याला सुतळी किंवा तार गुंडाळली गेली असेल किंवा एखादे बेअरिंग अडकत असेल. एका बाजूची उसवलेली कड वेगळी गोष्ट सांगते. बेल्ट कुठेतरी एका अंगाने घासत आहे, म्हणजे एखादी पुली तिरकी झाली आहे, किंवा बेल्टला जागेवर ठेवणारी पट्टी अथवा खुंटी वाकून त्याला लागते आहे. माझ्या मते ही दोन्ही कारणे सापडेपर्यंत नवा बेल्ट पिशवीतून बाहेरच काढू नये.

शोध घेण्यापूर्वी सुरक्षिततेचे पाहावे. यंत्र सपाट जागेवर उभे करून हँडब्रेक लावावा, इंजिन बंद करून किल्ली काढून घ्यावी, ते थंड होऊ द्यावे आणि स्पार्क प्लगची टोपी काढून प्लगपासून दूर ठेवावी. दोन सिलिंडरचे इंजिन असेल तर दोन्ही टोप्या काढाव्यात. किल्ली काढली म्हणजे पुरे, असे अनेकांना वाटते; पण पाते हाताने फिरवताना बेल्ट ताणलेला असेल तर इंजिनही फिरते, आणि तेथे हात असताना कोणताही धोका पत्करण्यात अर्थ नाही. हातात जाड चामडी हातमोजे असावेत, कारण बोथट वाटणारे पातेही सहज कापते.

आता बेल्ट काढलेलाच असल्यामुळे प्रत्येक पुली स्वतंत्रपणे तपासता येईल. स्पिंडलवरची झाकणे काढा, खाली साचलेला गवताचा चोथा ब्रशने साफ करा आणि मग एकेक पुली हाताने सावकाश फिरवा. चांगले बेअरिंग शांतपणे आणि एकसारखे फिरते. वाळू भरल्यासारखी खरखर जाणवली, फिरताना एखाद्या ठिकाणी अडखळले, किंवा पुली हलक्या झटक्याने बराच वेळ सुसाट फिरत राहून कोरडा आवाज करू लागली, तर त्यातले ग्रीस संपले आहे असे समजावे. नंतर पात्याचे टोक धरून ते वर-खाली हलवून पाहावे. टोकाशी थोडी लवचीकता पोलादाची असते, पण स्पिंडलच्या मुळाशी खटखट जाणवली तर बेअरिंग किंवा त्याचे घर झिजले आहे. डेकवर जोरदार फवाऱ्याने पाणी मारण्याची सवय असेल, तर ते पाणी बेअरिंगच्या सीलमधून आत शिरते, हेही लक्षात घ्यावे.

आयडलरच्या दोन्ही पुल्यांनाही हीच परीक्षा लावावी, आणि जी आयडलर पुली हलत्या दांड्यावर बसवलेली आहे तो दांडा विशेष काळजीने पाहावा. हाताने ओढायच्या यंत्रणेत ताण देण्याचे सगळे काम हा दांडा आणि त्याची स्प्रिंग करतात. दांड्याच्या बिजागरीत माती आणि गंज साचला की स्प्रिंग ओढते, पण दांडा अर्ध्या वाटेत थांबतो. बेल्टला पुरेसा ताण मिळत नाही, तो सरकतो, तापतो आणि जड गवतात पाती मंदावतात. आपण सांगितलेली लक्षणे याच्याशीही जुळतात. हाताच्या दांड्यापासून येणारी केबल वर्षानुवर्षांच्या वापराने लांबली असेल तरी हाच परिणाम होतो, म्हणून हाताचा दांडा पूर्ण ओढल्यावर स्प्रिंग खरोखर ताणली जाते का, हे डोळ्यांनी पाहावे.

शेवटी पुल्यांच्या खाचा पाहाव्यात. तिरक्या बाजूंचा बेल्ट आपल्या दोन्ही अंगांनी पुलीला पकडतो, खाचेच्या तळाला त्याने टेकणे अपेक्षित नाही. तळ आरशासारखा चकचकीत झाला असेल, तर एक तर बेल्ट अरुंद होता किंवा पुलीच्या भिंती झिजून खाच रुंद झाली आहे. अशा पुलीत नवा बेल्टही खोल बसेल आणि सरकत राहील.

प्रतिसाद २

मापाविषयी मी लिहिते, कारण पहिल्या प्रतिसादातील सर्व तपासणी करूनही चुकीचा बेल्ट बसवला तर त्रास संपत नाही.

जुन्या बेल्टचे माप घेऊन नवा आणणे हा सर्वांत शेवटचा पर्याय समजावा. जळलेला आणि ताणलेला बेल्ट आपली मूळ लांबी सांगत नाही. यंत्राची मॉडेल पट्टी बहुधा आसनाखाली किंवा मागच्या फ्रेमवर असते. त्यावरील पूर्ण क्रमांक घेऊन उत्पादकाच्या सुट्या भागांच्या यादीत डेकच्या बेल्टचा क्रमांक शोधावा. एकाच नावाच्या यंत्रात वर्षागणिक डेक बदललेले असतात, त्यामुळे केवळ ‘४२ इंची डेक’ एवढ्यावर बेल्ट मागवणे धोक्याचे आहे. शिवाय इंजिनकडून मागच्या गिअरपेटीकडे जाणारा दुसरा एक बेल्ट असतो. यादी पाहताना त्या दोघांची गल्लत होऊ देऊ नये.

यादी मिळालीच नाही, तर आधी रुंदी पाहावी. या यंत्रांत वरच्या बाजूने अर्धा इंच, म्हणजे सुमारे १२.७ मिलिमीटर, आणि पाच अष्टमांश इंच, म्हणजे सुमारे १६ मिलिमीटर, अशा दोन रुंदी नेहमी आढळतात. रुंदी जुन्या बेल्टच्या न झिजलेल्या भागावर मोजावी आणि पुलीच्या खाचेशी ताडून पाहावी. योग्य रुंदीचा बेल्ट खाचेत बसवला की त्याची पाठ पुलीच्या काठाच्या जवळपास समतल येते. लांबीसाठी न ताणणारी दोरी सगळ्या पुल्यांवरून बेल्टच्याच मार्गाने फिरवून, आयडलर त्याच्या चालीच्या साधारण मध्यावर धरून मोजावी. अर्धा इंच कमी-जास्त झाला तरी आयडलरचा दांडा कुठल्या तरी टोकाला जाऊन अडू शकतो. बेल्ट लांब असेल तर ताण येत नाही, आखूड असेल तर हाताचा दांडा सोडल्यावरही पाती फिरत राहतात, आणि ही दुसरी चूक जिवावर बेतू शकते.

क्रमांकांच्या बाबतीत एक गोष्ट माहीत असावी. ‘४एल४८०’ या खुणेतील ४८० म्हणजे बाहेरून मोजलेली ४८ इंच लांबी, तर ‘ए४६’ यातील ४६ ही आतून मोजलेली लांबी असते आणि त्याची बाहेरची लांबी ४८ इंचांच्या आसपास येते. दोन्ही अर्धा इंच रुंदीचे आहेत, आकडे मात्र वेगळ्या पद्धतीचे. ही माहिती नसल्यामुळे दोन इंचांनी चुकलेला बेल्ट अनेकदा घरी येतो.

लांबी-रुंदी जुळूनही बेल्ट लवकर जातो त्यामागे आणखी एक कारण असते, आणि आपला दुसरा बेल्ट एका हंगामात गेला त्यात त्याचा वाटा असू शकतो. डेकचा बेल्ट साध्या पंख्याच्या किंवा पंपाच्या बेल्टसारखे काम करत नाही. दांडा ओढला की तो सरकत सरकत पकड घेतो, सोडला की सुटतो, त्याची पाठ सपाट आयडलरवर उलटी वाकते, आणि पाते दगडावर आपटले की त्याला झटका बसतो. म्हणून या कामाच्या बेल्टमध्ये पॉलिएस्टरऐवजी सहसा अरामिड या मजबूत कृत्रिम तंतूंच्या दोऱ्या असतात, ज्या फारशा ताणल्या जात नाहीत, आणि सर्व बाजूंनी मजबूत कापडाचे वेष्टन असते, ज्यामुळे तो पकड घेताना चिकटून धरत नाही. सामान्य हलक्या कामाचा बेल्ट त्याच मापात मिळतो, दिसतोही तसाच, पण हे काम त्याला झेपत नाही.

हा धागा वाचणाऱ्या कोणाच्या डेकमध्ये दातेरी बेल्ट असेल, तर त्यांनी यातील काहीही तसेच लागू करू नये. त्या रचनेत पात्यांची वर्तुळे एकमेकांत शिरतात आणि पाती परस्परांशी काटकोनात ठेवूनच बेल्ट बसवावा लागतो. एखादा दात जरी चुकला तरी पाते पात्यावर आदळते.

प्रश्नकर्ता

आपल्या दोघांच्या सांगण्याप्रमाणे सर्व पुल्या तपासल्या. डाव्या स्पिंडलमध्ये स्पष्ट खरखर आहे आणि एका विशिष्ट ठिकाणी ती अडखळते, जोर लावला की पुढे जाते. उजवी बाजू शांत आहे. हलत्या आयडलरचा दांडा हाताने ढकलला तर सरकतो, पण सोडल्यावर स्प्रिंग त्याला पूर्ण मागे आणत नाही. त्याच आयडलरजवळची एक खुंटी वाकलेली असून तिच्या आतल्या बाजूला रंग जाऊन धातू उघडा पडला आहे. कडेचे कापड तिथेच उसवले असणार.

यंत्राच्या यादीतून बेल्टचा क्रमांकही मिळाला. पूर्वी बसवलेला बेल्ट त्याच मापाचा, पण अरामिडचा नसावा असे त्याच्या उघड्या पडलेल्या पांढऱ्या दोऱ्यांवरून वाटते. आता डाव्या स्पिंडलची बेअरिंगे बदलून मगच बेल्ट बसवणार आहे. डेक उतरवण्याविषयी आणि बेल्ट पुल्यांवरून नेण्याच्या क्रमाविषयी मार्गदर्शन हवे आहे.

प्रतिसाद ३

केवळ बेल्ट बदलायचा असता तर डेक सर्वांत खालच्या उंचीवर आणून, बाजूने हात घालून काम झाले असते. बेअरिंगे बदलायची असतील तर मात्र डेक उतरवावाच, अर्धवट टांगलेल्या डेकखाली काम करू नये. पुढचा जोडदांडा आणि बाजूचे टांगदांडे धरून ठेवणाऱ्या पिना काढल्या, हाताच्या दांड्याची केबल सोडवली आणि इंजिनच्या पुलीवरून बेल्ट मोकळा केला की डेक जमिनीवर बसतो. स्टिअरिंग एका बाजूला पूर्ण वळवले की पुढचे चाक वाटेतून बाजूला होते आणि डेक शेजारून ओढून काढता येतो. डेकची उंची बदलणाऱ्या ज्या दांड्याला स्प्रिंग लावलेली असते, तो डेकचे वजन निघताच जोराने वर उसळतो, म्हणून शेवटची पिन काढताना तो दांडा हाताने धरून ठेवावा. डेक काढण्यापूर्वी प्रत्येक जोडाचे छायाचित्र घ्यावे. पिन कोणत्या भोकात होती, यावर डेकची पातळी अवलंबून असते.

बेअरिंगवर क्रमांक कोरलेला असतो आणि तोच पाहून नवे आणावे. अनेक स्पिंडलमध्ये ६२०३ हे बेअरिंग असते, ज्याचा आतला व्यास १७, बाहेरचा ४० आणि जाडी १२ मिलिमीटर असते. आपल्या यंत्रात तेच असेल असे गृहीत न धरता खात्री करावी, आणि दोन्ही बाजूंनी रबरी सील असलेलेच घ्यावे. वरचे आणि खालचे अशी दोन्ही बेअरिंगे एकदमच बदलावीत. नवे बेअरिंग घरात बसवताना दाब फक्त बाहेरच्या कड्यावर द्यावा. आतल्या कड्यावर ठोकले तर ते धक्के गोळ्यांवरून जातात आणि नवे बेअरिंग पहिल्या दिवसापासून खरखरते. दोन बेअरिंगांच्या मध्ये एक नळीसारखा तुकडा असतो, तो विसरू नये. त्याच्याविना नट आवळला तर आतली कडी एकमेकांकडे ओढली जातात आणि स्पिंडल पुन्हा जाम होते. सगळे जोडून, पुलीचा नट पुस्तिकेत दिलेल्या जोराने आवळल्यावर पुली पुन्हा हाताने फिरवून पाहावी. आवळण्यापूर्वी मोकळी आणि नंतर जड लागली, तर जोडणीत काहीतरी उलटे बसले आहे.

आयडलरचा दांडा बिजागरीतून काढून गंज खरवडून, बुश (बिजागरीतली छोटी नळी) पुसून, ग्रीस लावून पुन्हा बसवावा. बुश अंडाकृती झाला असेल तर तो बदलणेच बरे, कारण दांडा डुलला की आयडलर तिरका होतो आणि बेल्ट एका अंगाने घासतो. स्प्रिंगचे वेटोळे मोकळे असतानाही एकमेकांपासून सुटलेले दिसत असतील तर तीही बदलावी. वाकलेली खुंटी सरळ करताना एक गोष्ट पाहावी: बेल्ट ताणलेला असताना खुंटी त्याला अजिबात लागता कामा नये, आणि बेल्ट सैल असताना तो पुलीवरून उतरेल इतकी ती दूरही असू नये. हाताच्या दांड्याच्या यंत्रणेत पाती बंद असताना बेल्ट नेहमीच सैल असतो, त्यामुळे त्याला जागेवर ठेवण्याचे काम याच खुंट्या करतात.

आता बेल्टचा मार्ग. बहुतेक यंत्रांवर पाय ठेवण्याच्या जागेखाली किंवा डेकवरच त्याचे चित्र चिकटवलेले असते, पुस्तिकेत तर असतेच. चित्र नसेल तरी एक नियम मार्गदर्शक ठरतो: खाच असलेल्या पुलीत बेल्टची तिरकी बाजू बसते आणि सपाट आयडलरवर बेल्टची पाठ फिरते. बेल्ट लावून झाल्यावर या नियमाला कुठे बाधा आली असेल, तर मार्ग चुकला आहे किंवा बेल्टला पीळ पडला आहे. पीळ डोळ्यांना चटकन दिसत नाही. म्हणून एका पुलीपासून सुरुवात करून बेल्टच्या पाठीवरच्या छापील अक्षरांचा बोटाने पाठलाग करत पूर्ण फेरी मारावी. अक्षरे वाटेत कुठेही उलटली नाहीत तर बेल्ट सरळ आहे.

डेकवरच्या पुल्यांत बेल्ट आधी बसवावा, प्रत्येक खुंटीच्या आतून जाऊ द्यावा, मग डेक यंत्राखाली सरकवून टांगावा आणि सर्वांत शेवटी बेल्ट इंजिनच्या पुलीवर चढवावा. तेवढा सैलपणा हलता आयडलर हाताने ढकलून मिळतो. स्क्रू ड्रायव्हरने बेल्ट पुलीच्या काठावरून उचकटून चढवू नये. त्या क्षणी काही दिसत नाही, पण आतली एखादी दोरी तुटते आणि काही दिवसांनी बेल्ट चालता चालता खाचेत उलटतो. हाताने चढतच नसेल तर तो कुठेतरी खुंटीच्या बाहेरून गेला आहे किंवा आखूड आहे.

विद्युत क्लच असलेल्या यंत्रांवर क्रम हाच राहतो, मात्र क्लचला फिरण्यापासून रोखणारी जी पट्टी असते तिच्यात आणि पुलीत बेल्ट अडकून राहणार नाही, आणि क्लचची तार बेल्टला लागणार नाही, याची वेगळी खात्री करावी लागते.

प्रतिसाद १ चे लेखक

मागचे सगळे नीट झाले की आणखी दोन कामे उरतात.

पहिले म्हणजे पातळी. डेक उतरवून पुन्हा टांगला की ती मोजावीच. चाकांत सारखी हवा भरून, यंत्र सपाट फरशीवर उभे करून, दोन्ही बाजूंच्या पात्यांची बाहेरची टोके जमिनीपासून सारख्या उंचीवर आहेत का ते पाहावे. मग पाती लांबीच्या दिशेने फिरवून पुढचे टोक मागच्यापेक्षा किंचित खाली आहे का ते तपासावे. अनेक पुस्तिकांत हा फरक ३ ते १३ मिलिमीटरच्या दरम्यान दिलेला असतो, आपल्या यंत्रासाठी दिलेला आकडाच प्रमाण मानावा. डेक फार तिरका टांगला गेला तर इंजिनची पुली आणि डेकच्या पुल्या एका प्रतलात राहत नाहीत, आणि बेल्टची कड पुन्हा घासू लागते.

दुसरे म्हणजे चाचणी. सर्व झाकणे परत लावावीत, प्लगच्या टोप्या चढवाव्यात, आणि आजूबाजूला कोणी नाही हे पाहून आसनावर बसूनच इंजिन सुरू करावे. थ्रॉटल (इंजिनचा वेग ठरवणारा खटका) मध्यावर असताना हाताचा दांडा सावकाश ओढावा. पूर्ण वेगात झटक्याने ओढला तर नवा बेल्ट पहिल्याच क्षणी तापतो. गवतात न जाता पाती काही मिनिटे फिरू द्यावीत. मग दांडा सोडून, पाती थांबायला किती वेळ लागतो ते आसनावरूनच आवाजावरून ताडावे. ती ५ सेकंदांच्या आत थांबायला हवीत. बहुतेक हातदांड्याच्या डेकमध्ये आयडलरच्या हालचालीशी जोडलेले छोटे ब्रेक स्पिंडलच्या पुल्यांवर टेकतात. आपला आयडलरचा दांडा मागे येत नव्हता, म्हणजे हे ब्रेकही इतके दिवस पूर्ण टेकत नसण्याची दाट शक्यता आहे. त्यांचे अस्तर झिजलेले आढळले तर ते बदलल्याशिवाय यंत्र वापरू नये. दांडा सोडल्यावर पाती फिरतच राहिली, तर ताबडतोब इंजिन बंद करून केबल आणि बेल्टची लांबी तपासावी.

पहिल्या कापणीनंतर इंजिन बंद करून, किल्ली आणि प्लगच्या टोप्या काढून, थंड झाल्यावर झाकणे एकदा उघडून पाहावीत. थोडी धूळ आणि गवत असणारच, परंतु एखाद्या पुलीभोवती काळ्या रबराची बारीक भुकटी जमली असेल, तर बेल्ट तिथे अजूनही सरकतो किंवा घासतो आहे. भुकटी इंजिनच्या पुलीजवळ असेल तर ताण अपुरा आहे, खुंटीजवळ असेल तर खुंटी अजून थोडी मागे घ्यावी लागेल. बेल्ट सरकू नये म्हणून त्यावर लावायचे चिकट द्रव्य अशा वेळी अजिबात वापरू नये. त्यावर धूळ आणि गवत चिकटते, आणि आयडलरला ग्रीस लावताना बेल्टवर एखादा थेंब पडला असेल तर तोही लगेच साबणाच्या पाण्याने पुसून बेल्ट कोरडा करावा.